हसणाऱ्याला नाव नाही

आमच्या बोलीत जाड बाईमाणसाला किती नावं आहेत, ते मी एकदा अंगणवाडीतल्या जुन्या वहीच्या मागच्या पानावर लिहायला बसले होते. जाडी, ढोली, ढब्बू, ढमाली, पिंप, पोतं, म्हैस, रोडरोलर. ही तोंडावर मारायची. घरातल्या मोठ्यांची, गोड बोलून टोचायची वेगळी. अंगानं भरलेली, तब्येतीनं बरी, खात्यापित्या घरची, जरा सुटलीय. "कुठल्या गिरणीचं पीठ खाती गं?" हेही लिहिलं, कारण ते मी जन्मभर ऐकत आले. पान भरलं. मग शेजारच्या पानावर, हे सगळं जो बोलतो त्याला काय म्हणतात ते लिहायला घेतलं. ते पान कोरं राहिलं. खवचट म्हणावं तर तो सगळ्यांनाच टोचतो. टवाळ म्हणावं तर त्यात कौतुकच जास्त. शेवटी मी वही बंद करून खिचडी बघायला उठले.

पुरुषांचं तर काही बोलायलाच नको. पुरुषाचं पोट सुटलं की तो शेठ होतो. अंग भरलं की पैलवान. बैल भरला तर मालक त्याच्या पाठीवरून हात फिरवत चारचौघांत सांगतो, बघा कसं अंगाला लागलंय. बाळ भरलेलं असलं की गुटगुटीत. माझी नोकरी या गुटगुटीतवरच चालते, कारण महिन्याच्या महिन्याला गावातल्या लहान पोरांची वजनं करणं हे माझं काम आहे. सहा वर्षांपर्यंत पोर भरलं तर आईला शाबासकी मिळते. त्यानंतर माझं रजिस्टर संपतं, पोर शाळेत जातं आणि पहिल्याच आठवड्यात त्याला ढोल्या म्हणून हाक येते. मधे फक्त एक उन्हाळ्याची सुट्टी गेलेली असते.

मीही जाडच. माहेर जुन्नर तालुक्यातलं, डिंगोऱ्याच्या बाजूचं. तिथल्या शाळेत रस्सीखेच असली की मला सगळ्यात शेवटी उभं करायचे, दोर कमरेला गुंडाळून. जिंकलो की सगळ्या पोरी माझ्या पाठीवर थापा मारायच्या आणि दुसऱ्या दिवशी डबा खायला माझ्याशेजारी कोणी बसायचं नाही. मला तेव्हा राग यायचा नाही, लाज वाटायची. लग्न होऊन आंबेगाव तालुक्यात आले, पेठ गावाच्या पुढं आत वळलं की आमचं गाव, तिथंही लाजच वाटायची. राग यायला चाळिशी उजाडली, आणि तोही स्वतःसाठी आला नाही, लेकीसाठी आला.

लेक नववीत आहे. दिवाळीनंतर एकदा ती मोबाइल घेऊन माझ्याजवळ आली आणि म्हणाली, "आई, याला शब्द आहे बघ. फॅटफोबिया." पुण्याच्या कुठल्याशा मुलीनं व्हिडिओ टाकला होता आणि त्याखाली हा शब्द लिहिला होता. मी विचारलं, "म्हणजे काय?" ती म्हणाली, "जाड माणसांचा तिरस्कार. किंवा जाड होण्याची भीती. दोन्ही." मला पहिल्यांदा हसूच आलं. फोबिया म्हणजे भीती, एवढं मलाही कळतं. पाण्याची भीती, उंचीची भीती. आम्हाला बघून कोण घाबरतंय? घाबरले असते तर बरं झालं असतं, गप्प तरी बसले असते. मग मी खालची बोलणी वाचली. एकानं विचारलं होतं, हा आजार झाल्यावर गोळी कोणती घ्यायची. दुसऱ्यानं लिहिलं होतं, आधी जिना चढून दाखव, मग भाषण दे. म्हणजे शब्द आला आणि दुसऱ्या मिनिटाला त्याचीच टिंगल सुरू झाली. लेक मात्र तो शब्द पुन्हा पुन्हा म्हणत होती, लहान मूल नवीन शब्द तोंडात घोळवतं तसा.

दुसऱ्या दिवशी मी तो अंगणवाडीत माझ्या मदतनीसबाईंना सांगितला. त्या गावातल्या बौद्ध वस्तीतल्या, माझ्याहून दहा वर्षांनी मोठ्या, आणि खिचडी ढवळता ढवळता माझ्यापेक्षा जास्त विचार करणाऱ्या. मी म्हटलं, "मराठीत करायचा तर जाडद्वेष म्हणावं लागेल." त्यांनी तोंड वाकडं केलं. "कसलं जड नाव वं बाई! भांडणात कुनाला म्हनता तरी येईल का?" मग थोड्या वेळानं म्हणाल्या, "पर नाव पायजे. आमच्या आज्यांना गावानं काय काय हाका मारल्या. तवा सगळे म्हनायचे, चालतंच, त्यात काय. नाव झालं, कायदा झाला, मग निदान तक्रार लिवता आली. ते न् हे येक न्हाई, म्या तसं म्हनत न्हाई. पर ज्याला नावच न्हाई त्याची तक्रार कुठं लिवनार?" त्या दिवसापासून मीही तो शब्द मनात ठेवला, पण वापरायचा धीर काही झाला नाही.

धीर व्हायला यात्रा यावी लागली.

लेक अकरा महिन्यांची असताना तिला न्यूमोनिया झाला होता. नऊ दिवस दवाखान्यात. माझ्याच अंगणवाडीच्या तक्त्यावर ती तांबड्या पट्ट्यात गेली होती, म्हणजे वजन धोक्याइतकं कमी. तेव्हा सासूबाईंनी गावदेवीला नवस बोलला, "पोरगी जगली तर गुळानं तोलीन." आमच्याकडे नवसाचं पोर यात्रेला तागडीत बसवतात, दुसऱ्या पारड्यात गुळाच्या ढेपा ठेवतात आणि तो गूळ गावाला वाटतात. पोर बरी झाली. पण पुढच्या वर्षी सासरे गेले, मग घराचं काम निघालं, मग कोरोनात यात्राच बंद राहिली. असं करत करत पोर चौदा वर्षांची झाली. यंदा सासूबाईंचे गुडघे पार गेले आणि त्यांनी जाहीर केलं, "आता माझं काय खरं न्हाई. चैताच्या यात्रेला नवस फेडायचा."

सासूबाईंबद्दल एक सांगायला हवं. त्यांना नात जाड कधी दिसलीच नाही. त्यांच्या डोळ्यांसमोर अजून ते दवाखान्यातलं काडीसारखं पोर आहे. नात जेवायला बसली की त्या तूप वाढायच्या आणि तिच्या दंडाला हात लावून म्हणायच्या, "देवीची किरपा." जेवढा गूळ जास्त लागेल तेवढी त्यांची मान उंच होणार होती. वाईट हेतू कुणाचाच नव्हता. असल्या गोष्टीत तो कधीच नसतो, म्हणूनच तर जास्त संताप येतो.

मला मात्र दिसत होतं काय होणार ते. सगळा गाव जमलेला, मधे झेंडूनं सजवलेली तागडी, आणि माईक हातात असलेला माणूस. आमच्या यात्रेत सकाळी तागडीजवळ आणि दुपारी बैलगाड्यांच्या शर्यतीच्या घाटात माईक एकाच्याच हातात असतो, माझ्या नवऱ्याच्या चुलत भावाच्या. बोलायला एक नंबर. कुणाचा बैल कसा भरलाय हे तो असं रंगवून सांगतो की लांबची पाव्हणीमंडळी फक्त ते ऐकायला येतात. तान्ही पोरं तागडीत बसली की त्यांच्यावरही तो विनोद करतो, ढेपा मोजतो, लोक हसतात. तान्ह्या पोराला काय कळतंय?

लेकीला कळत होतं. ती रोज संध्याकाळी कॅलेंडरसमोर उभी राहायची.

आणि मग मी जे केलं त्याचा माझा माझ्यावरचा राग अजून गेलेला नाही. यात्रेला सहा आठवडे होते. मी ठरवलं, पोरीचं वजन उतरवायचं. गावाला हसायला कमी मिळावं म्हणून मी माझ्या पोटच्या पोरीचं जेवण तोडलं. सकाळी चहा बिनसाखरेचा, डब्यात काकडी आणि एक चपाती, संध्याकाळी अर्धी भाकरी. भात बंद. सासूबाई तूप घेऊन आल्या की मी वाटी मागे सरकवायची. पहाटे तिला कॅनॉलच्या रस्त्यानं चालायला न्यायची. अंगणवाडीतला गरोदर बायांची वजनं करायचा मोठा काटा मी घरी आणला, आयुष्यात पहिल्यांदा, आणि दर रविवारी तिला त्यावर उभी केली. काटा थोडा उतरला की मी खूश व्हायची आणि ती माझ्या तोंडाकडे बघत राहायची. किती उतरला, किती होता, ते मी इथं लिहिणार नाही. तो आकडा तिचा आहे.

पाचव्या आठवड्यात शाळेतून फोन आला. प्रार्थनेला उभी असताना ती कोसळली होती. मी स्कूटी घेऊन गेले तर ती व्हरांड्यात बाकावर बसलेली, ओठ पांढरे, कपाळावर टेंगूळ. तिच्या बाई म्हणाल्या, "आम्हाला वाटलं नाटक करतेय. एवढ्या तब्येतीच्या मुलीला कशाची चक्कर येणार?" पाणीसुद्धा तिला दुसऱ्या एका मुलीनं आणून दिलं होतं.

मी तिला स्कूटीवर बसवून थेट दवाखान्यात नेलं. बाईंना मी कोणत्या तोंडानं बोलणार? पंधरा वर्षं मी हेच शिकले आणि शिकवलं की उपाशी पोर कसं ओळखायचं. डोळ्यांची पापणी खाली ओढून बघायची, नखं बघायची, पोर खेळायचं थांबलं की आईला विचारायचं. दुसऱ्याच्या घरात जाऊन मी हे ओळखते. माझ्या घरात, माझ्या ताटासमोर, माझी पोर उपाशी होती आणि मला ते दिसलं नाही, कारण ती जाड होती. बाईंना नाटक वाटलं, मला प्रगती वाटली. दोघींच्यात फरक काय होता? डॉक्टरांनी रक्त तपासलं. रक्त कमी होतं. त्यांनी विचारलं, "ही जेवते ना नीट?" लेक म्हणाली, "हो." माझ्याकडे न बघता, मला वाचवण्यासाठी. मला तिथंच जमिनीत गाडून घ्यावंसं वाटलं. मी डॉक्टरांना खरं सांगितलं.

त्या संध्याकाळी मी तिला पोटभर वाढलं आणि सासूबाईंना सांगितलं, तागडी नाही. मी त्यांना आत्या म्हणते. म्हटलं, "आत्या, वजन घरी करू. तेवढा गूळ देवीला नेऊन ठेवू. पोर तागडीत बसणार नाही."

"तागडीत बसल्याबिगर नवस फिटतो व्हय?" त्या म्हणाल्या. "देवीला काय चिठ्ठी पाठवती का तू?"

"लोक हसतील तिला."

"कशापायी हसत्याल? माजी नात काय चोरी करून आली का?"

त्यांचं म्हणणं बरोबरच होतं. त्या रडायलाही लागल्या. पोरगी जगली ती त्या नवसावर, असं त्यांना खरंच वाटतं. मधे लेकच बोलली, "बसते मी. आजीचं होऊ दे एकदाचं." नवरा चाकणला कंपनीत असतो, तो शिफ्टवरून आल्यावर म्हणाला, "मी भावाला सांगतो, माईकवर काही बोलू नको म्हणून." भावानं शब्दही दिला. घरी येऊन मला म्हणाला, "वयनी, देवीशप्पत, नुसतं नाव घीन आन गप बशीन."

यात्रेच्या दिवशी सकाळी नऊ वाजताच ऊन चटके देत होतं. आधी दोन तान्ही पोरं तोलली. एक रडलं, एकानं गुळाच्या ढेपेला हात घातला, सगळे हसले, मीही हसले. मग आमचं नाव पुकारलं. लेकीनं दिवाळीचा निळा ड्रेस घातला होता. ती पारड्यात बसली तेव्हा वरच्या आडव्या लाकडानं कुरकुर केली. एवढंच झालं, आणि गर्दीत मागून कोणीतरी शिट्टी मारली.

तेवढं पुरलं. माईकवाल्याच्या तोंडाला पाणी सुटलं. त्यानं माझ्याकडे बघितलं, शपथ आठवली असेलही, पण समोर हजार माणसं होती. "मंडळी, ढेपा मोजत ऱ्हावा!" तो म्हणाला. ढेपा चढत गेल्या. "आजून टाका! आजून! आरं, गुऱ्हाळावर फोन लावा रं कुनीतरी, ह्या वर्साचा गूळ इथंच संपतोय!" गर्दी खदखदून हसली. माझ्या ओळखीच्या बायका, ज्यांच्या पोरांना मी मांडीवर घेतलंय, त्या पदर तोंडाला लावून हसत होत्या. सासूबाई हात जोडून, डोळे मिटून देवीकडे तोंड करून उभ्या होत्या. त्यांना वाटत होतं, लोकांना आनंद झालाय.

मी लेकीकडे बघितलं. ती खाली मान घालील, रडेल, उठून पळेल, असं मला वाटत होतं. ती हसत होती. सगळ्यांपेक्षा मोठ्यानं. तिनं साखळी धरली, मान वर केली आणि माईकवाल्याला ओरडून म्हणाली, "काका, गूळ संपला तर मलाच वाटा गावात, तेवढीच गोड हाय मी!"

काय टाळ्या पडल्या! शिट्ट्या, आरोळ्या. "पोरगी लई बिनधास हाय राव!" माईकवाला खूश. माझ्या शेजारची बाई मला कोपरानं ढोसत म्हणाली, "तुमच्यावर गेलीय बघा."

माझ्या डोक्यात तिडीक गेली. मी पुढे कशी गेले मला आठवत नाही. "भावजी, द्या तो माईक," मी म्हटलं. त्याला वाटलं, आईला आभार मानायचे असतील. त्यानं दिला.

मला भाषण येत नाही. तो शब्द जिभेवर आला होता, पण तिथं कुणाला कळला असता? मी म्हटलं, "पंधरा वर्सं झाली, ह्या गावातल्या पोरांची वजनं मी करते. तुमच्यातल्या किती जणांची पोरं तांबड्या पट्ट्यात होती, मला माहितीय. कुणाचं पोर वाळलेलं, कुणाचं अंग धरत नव्हतं, कुणाच्या घरात पोरीला दूध नव्हतं आणि पोराला होतं, सगळं माझ्या रजिस्टरला आहे. मी कधी मोठ्यानं वाचलं का? आईच्या कानात सांगितलं, हळू आवाजात. कुणाला हसले का मी?" एवढं बोलून माझा आवाज फाटला. "रजिस्टर आणू का आता? वाचू का माईकवर? तुम्ही मोजा, मी वाचते. हसूया सगळे."

कोणी हसलं नाही. पुढच्या रांगेतल्या एका बाईनं मान खाली घातली. तिचं पोर मी तीन महिने रोज घरी जाऊन खाऊ घातलं होतं, आणि तिचं नाव मी कधीच घेणार नव्हते, पण ती घाबरली हे मला दिसलं. खोटं कशाला बोलू, मला बरं वाटलं. नंतर त्याची लाजही वाटली, पण तेव्हा बरंच वाटलं. माईकवाला म्हणाला, "वयनी, मस्करी व्हती वो." मी म्हटलं, "कुणाची?" आणि माईक त्याच्या हातात दिला. पारडी केव्हाच समान झाली होती. लेक उतरली, देवीच्या पाया पडली, आजीच्या पाया पडली. सासूबाईंनी तिच्या तोंडात गुळाचा खडा घातला आणि मला म्हणाल्या, "देवाच्या दारात वरडतात का?" त्यानंतर आठवडाभर त्या माझ्याशी बोलल्या नाहीत.

घरी जाताना लेक स्कूटीवर माझ्या मागे बसली होती. मला वाटलं, ती मला घट्ट धरेल. तिनं मागची कडी धरली होती. शेताचा रस्ता संपून डांबरी लागली तेव्हा ती बोलली.

"तू कशाला मधे पडलीस? संपलं होतं ना. मी हसवलं होतं सगळ्यांना."

मी म्हटलं, "ते तुला हसत होते."

"मग काय झालं? आपणच आधी बोललं की लवकर संपतं. तू पण तसंच करतेस. लग्नात पंगतीला बसताना तूच म्हणतेस, मला दोन खुर्च्या द्या गं. फोटो काढताना म्हणतेस, मी आले की बाकीच्यांना जागा नाही. बायका हसतात आणि मग तुला कोणी काही बोलत नाही. मी बघितलंय ना लहानपणापासून."

समोरून कांद्याचा ट्रक आला, मी गाडी कडेला घेतली. विचारलं, "आणि दुखत नाही?"

"दुखतं," ती म्हणाली. "पण मग ते कोणाला दिसत नाही."

मी गाडी बंद केली. दोन्ही पाय जमिनीला टेकवून तशीच बसले आणि मला रडू फुटलं, नाक गळेपर्यंत, भर उन्हात, भर रस्त्यात. यात्रेला निघालेल्या गाड्या शेजारून जात होत्या, एक जीप तर वेग कमी करून गेली. लेकीनं मागून माझ्या खांद्याला हात लावला.

"आई, लोक बघतायत."

"बघू देत," मी म्हटलं. "हसत नाही आता मी त्यांच्यासाठी. तूही नको हसूस."

तिनं कडी सोडली, माझ्या पाठीवर डोकं ठेवलं, आणि सकाळपासून पहिल्यांदा तीही रडली.